नकाशा त्याचा, पाया तिचा

२०२० सालच्या सप्टेंबर महिन्यात इंडोनेशियात एका वेगळ्याच विक्रीची बातमी गाजली. कुणीतरी दोन जुने कागद समाजमाध्यमावर विकायला काढले होते. त्यातला एक होता १९२३ सालच्या लग्नाचा दाखला आणि दुसरा, त्यानंतर जवळजवळ वीस वर्षांनी झालेल्या काडीमोडीचा. दोन्ही कागदांवर नवऱ्याचं नाव होतं सुकार्नो, म्हणजे स्वतंत्र इंडोनेशियाचे पहिले राष्ट्राध्यक्ष. आणि बायकोचं नाव होतं इंगित गर्नासिह. देशाचा ठेवा असा बाजारात कसा काय आला, म्हणून एकच गलका झाला. पण त्या निमित्ताने इंडोनेशियातल्या कितीतरी तरुण मुलींनी पहिल्यांदाच विचारलं असेल, ‘ही इंगित कोण?’

मैत्रिणींनो, सुकार्नो हे नाव आपण शाळेत वाचलेलं असतं. नेहरू, नासेर, टिटो यांच्या रांगेत, अलिप्त राष्ट्रांच्या धड्यात. २६ जानेवारी १९५० ला आपला पहिला प्रजासत्ताक दिन साजरा झाला, तेव्हा दिल्लीला प्रमुख पाहुणे म्हणून हेच सुकार्नो आले होते. काळी टोपी, कडक इस्त्रीचा पोशाख आणि लाखोंच्या सभा गाजवणारा आवाज! पण हा माणूस मुळात घरांचे नकाशे काढणारा, इमारती बांधणारा इंजिनिअर होता, हे आपल्यापैकी किती जणींना ठाऊक आहे? आणि तो इंजिनिअर व्हावा म्हणून एका बाईने चूल, शिलाईचं मशीन आणि औषधांचा खलबत्ता एकाच वेळी कसा चालवला, हे तर फारच थोड्यांना माहीत असतं.

सुकार्नोंचा जन्म ६ जून १९०१ चा, जावा बेटावरच्या सुराबाया शहरातला. तेव्हा तो देश डचांच्या ताब्यात होता आणि डच ईस्ट इंडीज म्हणून ओळखला जायचा. वडील जावाचे, शाळामास्तर. आई बाली बेटावरची, हिंदू ब्राह्मण घरातली. मुलाचं पाळण्यातलं नाव कुस्नो. पण पोर सारखं आजारी पडायचं. तिकडे असं झालं की नाव बदलायची रीत होती. वडिलांना महाभारताचं भारी वेड. (आपण मुसलमान आहोत आणि महाभारतही आपलंच आहे, यात तिथल्या लोकांना काही अडचण वाटत नाही!) त्यांनी मुलाला कर्णाचं नाव दिलं. कर्ण शूर खरा, पण लढला चुकीच्या बाजूने, म्हणून पुढे ‘सु’ जोडला. सु-कर्ण, म्हणजे चांगला कर्ण. तोच पुढे सुकार्नो झाला.

कर्ण म्हटला की आपल्याला कवचकुंडलं आठवतात, रुतलेलं चाक आठवतं. त्याच्या घरात कोण होतं, त्याच्यासाठी कोण जागत बसलं होतं, हे सहसा कुणी विचारत नाही. या कर्णाच्या बाबतीतही तसंच झालं.

१९२० साली डचांनी बांदुंग या थंड हवेच्या शहरात तांत्रिक शिक्षणाचं महाविद्यालय काढलं. तिथे शिकायला येणारे बहुतेक गोरे, स्थानिक मुलं अगदी मोजकी. १९२१ मध्ये सुकार्नो तिथे दाखल झाला. त्याआधी सुराबायात तो चोक्रोअमिनोतो या मोठ्या पुढाऱ्याच्या घरी राहून शिकला होता आणि त्यांच्या कोवळ्या मुलीशी, उतारीशी, त्याचं लग्नही झालं होतं. बांदुंगमध्ये राहायची सोय झाली ती हाजी सानुसी नावाच्या गृहस्थांच्या घरी. इंगित ही त्या सानुसींची बायको, म्हणजे सुकार्नोची घरमालकीण.

इंगितचा जन्म १८८८ सालचा, बांदुंगजवळच्या बंजारान भागातल्या कामासान गावचा. म्हणजे ती सुकार्नोपेक्षा तेरा वर्षांनी मोठी. मूळ नाव गर्नासिह. तरुणपणी ती इतकी देखणी होती म्हणे, की तिचं एक हसू म्हणजे एक रिंगित, म्हणजे चांदीचं नाणं मिळाल्यासारखं, असं गावातली पोरं म्हणायची. त्या ‘रिंगित’वरून तिचं नाव इंगित पडलं. आपल्या मराठीत इंगित म्हणजे मनातली दडलेली गोष्ट. या बाईला ते नाव मराठीतूनही शोभतं.

सानुसींची संध्याकाळ घराबाहेर, बिलियर्डच्या टेबलावर जायची. घरात इंगित आणि हा वीस वर्षांचा, रात्र रात्र देशाबद्दल बोलत बसणारा मुलगा. इकडे उतारी वयाने अगदी लहान, दोघांचं नातं भावाबहिणीसारखंच राहिलेलं. पुढे काय झालं ते सांगताना इंडोनेशियातले लोकही जरा आवाज खाली करतात. सुकार्नोने उतारीला तिच्या वडिलांकडे परत पोचवलं, सानुसींनी भांडणतंटा न करता इंगितला मोकळं केलं आणि २४ मार्च १९२३ ला या दोघांचं लग्न झालं. तो एकवीस वर्षांचा, ती पस्तीसची. आजही आपल्या गावात असं लग्न झालं तर नळावर, गिरणीत काय काय बोललं जाईल, याची कल्पना केलेली बरी!

लग्नाचं नाटक-सिनेमाला शोभेल असं वर्णन खूपजण करतात. मला त्यापेक्षा पुढचा संसार महत्त्वाचा वाटतो. कारण नवरा विद्यार्थी, कमाई शून्य. कॉलेजची फी, ड्रॉइंगचे कागद, शाई, पुस्तकं, घरभाडं आणि रोज संध्याकाळी चर्चेला येणाऱ्या दहा-पंधरा पोरांच्या कॉफीचा खर्च, हे सगळं कुठून यायचं? इंगितच्या हातातून. ती ‘जामू’ करायची. जामू म्हणजे मुळ्या, पाला, हळद-आलं कुटून केलेलं घरगुती औषध, आपल्या आजीबाईच्या बटव्यातलंच म्हणा ना. तांदळाच्या पिठाची, तोंडाला लावायची गार पावडर करायची. बायकांना आतून घालायच्या चोळ्या शिवून विकायची. शुगरपामच्या वाळलेल्या पानात तंबाखू वळून सिगारेटी करायची आणि त्याला तिने चक्क ब्रँडचं नाव दिलं होतं, आपल्या दत्तक मुलीचं, ‘रत्ना जुआमी’. सोलापूरच्या विडी वळणाऱ्या बायांना हे वाचून नक्कीच ओळखीचं वाटेल. साबण, शेतीची अवजारं यांची एजन्सीही तिने चालवली. तिचं औपचारिक शिक्षण जेमतेम, पण धंद्याचा हिशेब चोख.

२५ मे १९२६ ला सुकार्नो स्थापत्य अभियांत्रिकीची पदवी घेऊन बाहेर पडला. नावामागे ‘इंजिनिअर’ ही पदवी लागली. त्या काळी काळ्यासावळ्या माणसाच्या नावामागे ती लागणं म्हणजे केवढी गोष्ट! सरकारी नोकरीचे दरवाजे उघडे होते. त्याचे प्राध्यापक वुल्फ शूमाकर हे बांदुंगमधले नामवंत वास्तुविशारद. मोठी हॉटेलं, क्लब, बंगले त्यांच्या हातचे. त्यांचा या विद्यार्थ्यावर जीव होता. त्यांनी सरकारी कामाबद्दल सुचवलं, पण सुकार्नो म्हणाला, डच सरकारची चाकरी करणार नाही. मग त्याने अन्वरी नावाच्या मित्राबरोबर त्याच वर्षी स्वतःचं ऑफिस काढलं. घरांचे आराखडे काढले, काही घरं बांधली. उष्ण पावसाळी हवेला मानवतील अशी उतरती छपरं, जावाच्या घरांची वळणं आणि युरोपियन सोयी, यांचा मेळ तो घालत असे. बांदुंगच्या प्रसिद्ध प्रेआंगर हॉटेलचं शूमाकर यांनी १९२९ च्या सुमारास नव्याने बांधकाम केलं, तेव्हा नकाशे काढायला हाताशी सुकार्नो होता.

पण ऑफिस चालेना. म्हणजे मालकाचं लक्षच ऑफिसात नव्हतं! ४ जुलै १९२७ ला त्याने आणि साथीदारांनी पक्ष काढला, तो पुढे इंडोनेशियन राष्ट्रीय पक्ष म्हणून गाजला. त्याची मागणी सरळ होती, संपूर्ण स्वातंत्र्य. घरं बांधणारा माणूस देश बांधायला निघाला. नकाशाच्या टेबलावर पत्रकं येऊन पडली. गिऱ्हाईक आलं तर साहेब सभेला गेलेले. घर कसं चालत होतं? जसं कॉलेजच्या दिवसांत चालत होतं तसंच, खलबत्त्यावर आणि शिलाईवर.

इथे मला थोडं थांबावंसं वाटतं. इंगितबद्दल लिहिणारे बरेच जण तिला ‘त्यागमूर्ती’ म्हणून मोकळे होतात. आपल्याकडेही हा शब्द फार स्वस्त झाला आहे. बाईने कष्ट केले की त्याला त्याग म्हणायचं आणि हार घालून विषय संपवायचा. कष्टाचा हिशेब मात्र मांडायचा नाही. इंगित काही मुकाट राबणारी बाई नव्हती. कोणता माल खपतो, कुणाकडे उधारी ठेवायची, कोणत्या पाहुण्यावर विश्वास टाकायचा, हे ती ठरवत होती. पोलिसांची नजर असलेल्या घरात हे ठरवणं म्हणजे राजकारणच होतं. फक्त त्या राजकारणाला व्यासपीठ नव्हतं.

२९ डिसेंबर १९२९ ला सुकार्नोला अटक झाली आणि बांदुंगच्या बांचेय तुरुंगात, अरुंद कोठडीत टाकलं. बाहेरची बातमी आत जाऊ नये अशी कडक व्यवस्था. पण डबा तर न्यावाच लागतो ना! सुकार्नोंनी १९६५ साली अमेरिकन पत्रकार सिंडी ॲडम्स यांना सांगितलेल्या आत्मकथेत अंड्यांची एक गोष्ट आहे. इंगित नवऱ्यासाठी उकडलेली अंडी न्यायची. अंड्याच्या कवचावर सुईचं एक टोचलेलं भोक असेल तर बाहेर सारं ठीक आहे. दोन असतील तर एखादा साथीदार पकडला गेला. तीन असतील तर मोठी धरपकड झाली. पहारेकऱ्याला दिसायचं फक्त अंडं. बोटांनी चाचपून वाचणाऱ्याला मात्र सगळं वर्तमानपत्र मिळायचं! पुस्तकंही ती लुगड्याच्या आत, पोटाशी बांधून न्यायची. पोट फुगलेलं दिसू नये म्हणून आधीचे काही दिवस उपास करायची, असं सांगतात. आपण उपास करतो ते नवऱ्याच्या आयुष्यासाठी. हा उपास नवऱ्याच्या वाचनासाठी होता.

त्या पुस्तकांतूनच सुकार्नोने कोर्टातलं आपलं भाषण तयार केलं. कोठडीत टेबल नव्हतं, तेव्हा शौचाचा डबा पालथा घालून त्यावर कागद ठेवून तो लिहायचा. १९३० च्या डिसेंबरमध्ये बांदुंगच्या कोर्टात त्याने ते वाचलं. ‘इंडोनेशिया मंगुगात’, म्हणजे ‘इंडोनेशिया आरोप करतो आहे’. आरोपीच्या पिंजऱ्यात उभं राहून त्याने उलट राजवटीवरच आरोपपत्र ठेवलं. हे भाषण त्या देशाच्या इतिहासात आज अजरामर आहे आणि ते कोर्टही आता त्याच नावाने ओळखलं जातं. शिक्षा झाली चार वर्षांची. मग त्याला सुकामिस्किन तुरुंगात हलवलं. हा तुरुंग त्याच्या लाडक्या गुरूने, शूमाकर यांनीच आखलेला, असं बांदुंगमध्ये सांगतात. वास्तुविद्येच्या विद्यार्थ्याला गुरूची इमारत आतून पाहायला मिळाली ती अशी! शहरापासून हा तुरुंग लांब. गाडीभाड्याला पैसे नसले की इंगित मुलीचं बोट धरून पायी जायची. शिक्षेत सूट मिळून १९३१ च्या शेवटच्या दिवशी तो सुटला.

सुटल्यावर पुन्हा ऑफिस, पुन्हा सभा आणि १ ऑगस्ट १९३३ ला पुन्हा अटक. या वेळी खटलाच नाही, सरळ काळ्या पाण्यासारखी हद्दपारी, तीही फ्लोरेस बेटावरच्या एन्दे या कोपऱ्यातल्या गावी. इंगितला मागे राहता आलं असतं. धंदा होता, माणसं होती. ती गेली. बरोबर दत्तक मुलगी रत्ना आणि इंगितची म्हातारी आई, अम्सी. १९३४ च्या जानेवारीत ही चौघं जहाजाने एन्देला उतरली.

एन्देत सुकार्नोचं मन खचलं होतं. सभा नाही, वर्तमानपत्र नाही, बोलायला माणूस नाही. गावकरी पोलिसांच्या भीतीने जवळ येईनात. मग त्याने गावातल्या साध्या लोकांना, शिंपी-ड्रायव्हर-कारागिरांना गोळा करून नाटकमंडळी काढली, तिला नाव दिलं ‘केलिमुतु’. डझनभर नाटकं लिहिली, पडदे स्वतः रंगवले. समुद्राकाठी विलायती फणसाच्या एका झाडाखाली तो विचार करत बसायचा. पुढे देशाचा पाया ठरलेली ‘पंचशील’ ही पाच तत्त्वं त्याला तिथेच सुचली, असं तो सांगत असे. (त्यांच्या भाषेत ‘पंचसिला’. शब्द आपलाच!) मलेरियाने त्या गावात सगळ्यांनाच गाठलं. १९३५ च्या ऑक्टोबरमध्ये अम्सी, इंगितची आई, त्यातच गेली. जावयाने तिला स्वतः कबरीत ठेवलं आणि तिचं थडगं स्वतःच्या हातांनी बांधलं. सुकार्नोच्या नावावर पुढे खूप मोठ्या इमारती लागल्या. पण मला वाटतं, त्याने सगळ्यात मनापासून बांधलेली वास्तू हीच असावी.

१९३८ मध्ये सरकारने त्यांना सुमात्रा बेटावरच्या बंकुलूला हलवलं. हवा बरी, माणसं बरी. तिथल्या जुन्या जामे मशिदीचा आराखडा सुकार्नोने नव्याने केला. तीन टप्प्यांचं तिचं छप्पर आजही पाहायला मिळतं. पण घराचा आराखडा मात्र बिघडला. स्थानिक पुढाऱ्याची मुलगी फात्मावती शिकण्यासाठी त्यांच्या घरी राहायला आली. रत्नाच्या बरोबरीची, पंधरा-सोळा वर्षांची. इंगित तेव्हा पन्नाशीची. सुकार्नोला मूल हवं होतं. इंगितला मूल झालं नव्हतं. त्याने एक दिवस सांगून टाकलं, फात्मावतीशी लग्न करायचं आहे. तुला सोडणार नाही, तू थोरलीच राहशील.

आता बघा, इंगितसमोर काय होतं? वय पन्नासच्या पुढे, आई गेलेली, स्वतःचं घर नाही, वीस वर्षांची कमाई या माणसाच्या पायात घातलेली. आणि तो माणूस उद्या देशाचा सर्वात मोठा नेता होणार, हे आता सगळ्यांना दिसत होतं. थोरली म्हणून राहिली असती तर मान मिळाला असता, राजवाडा मिळाला असता. धर्माची आडकाठी नव्हती, समाजाची नव्हती. सगळे म्हणाले असते, बाई समजूतदार आहे!

इंगित ‘नाही’ म्हणाली. सवत म्हणून राहणार नाही, त्यापेक्षा मला मोकळं कर.

१९४२ मध्ये जपानी फौजा आल्या, डच पळाले. त्या धामधुमीत या कुटुंबाने बंकुलूहून पाडांगपर्यंत, बैलगाडीने आणि बरंचसं पायी, जंगलातून प्रवास केला. त्याच वर्षी ते जकार्ताला परतले. सुकार्नोची ताकद दिवसेंदिवस वाढत होती आणि इंगितचा निर्णय बदलत नव्हता. शेवटी स्वातंत्र्यचळवळीतल्या मोठ्या नेत्यांच्या साक्षीने काडीमोड झाली. इंगित बांदुंगला परत आली. १ जून १९४३ ला सुकार्नो आणि फात्मावती यांचं लग्न झालं. १७ ऑगस्ट १९४५ ला सुकार्नोंनी स्वातंत्र्याची घोषणा केली. त्या वेळी फडकलेला लाल-पांढरा झेंडा फात्मावतींनी शिवलेला होता. शाळेच्या पुस्तकात ती शिलाई आली. चोळ्या शिवून पक्ष आणि घर पोसणारी शिलाई मात्र आली नाही.

पुढचे सुकार्नो सगळ्या जगाला माहीत आहेत. आपल्या मूळ विद्येची त्यांची हौस राष्ट्राध्यक्ष झाल्यावरही फिटली नव्हती. १९५५ साली आशिया-आफ्रिकेतल्या एकोणतीस देशांची परिषद त्यांनी भरवली ती बांदुंगलाच, आणि तीही शूमाकर यांनी नव्याने सजवलेल्या एकेकाळच्या गोऱ्यांच्या क्लबात. आपले पंडितजी तिथे होते. जकार्तात १३२ मीटर उंच राष्ट्रीय स्मारक, १९६२ च्या आशियाई स्पर्धांसाठी बांधलेलं भव्य स्टेडियम, हॉटेल इंडोनेशिया हे सगळं त्यांच्या काळातलं. इस्तिकलाल मशिदीच्या स्पर्धेत सुकार्नो परीक्षकांचे प्रमुख होते आणि निवड झाली ती सिलाबान या ख्रिश्चन वास्तुविशारदाच्या आराखड्याची. हे त्यांचं मोठेपण. पण त्याच माणसाने १९५९ पासून सत्ता स्वतःच्या मुठीत घेतली, १९६३ मध्ये तहहयात अध्यक्षपद स्वीकारलं. स्मारकं उंच होत होती आणि बाजारात तांदूळ मिळेना झाला होता. १९६५ च्या रक्तपातानंतर सत्ता गेली. शेवटची वर्षं नजरकैदेत काढून २१ जून १९७० ला ते गेले.

आणि घरातलं? १९५३ मध्ये त्यांनी हार्तिनी या बाईंशी लग्न केलं. ज्या फात्मावतींसाठी इंगितला बाजूला व्हावं लागलं, त्या पाच मुलांची आई असलेल्या फात्मावतींवर आता तीच वेळ आली. त्यांनीही सवत पत्करली नाही, त्या राजवाडा सोडून वेगळ्या राहिल्या. ‘पेरवारी’ या महिला संघटनेने राष्ट्राध्यक्षांच्या या लग्नाविरुद्ध उघड निषेध केला. केवढी हिंमत! देशाच्या बापाला बायकांनी जाब विचारला. पुढे १९७४ च्या विवाह कायद्याने तिथे दुसऱ्या लग्नासाठी न्यायालयाची परवानगी आणि आधीच्या बायकोची संमती लागेल असं ठरलं. त्याला वर्षानुवर्षांची बायकांची लढाई कारणीभूत होती. मला त्या लढाईच्या मुळाशी इंगितचा बंकुलूच्या घरातला, कुठल्याही मोर्चाशिवाय उच्चारलेला ‘नाही’ ऐकू येतो.

इबू इंगित (इबू म्हणजे आई, तिथे वडीलधाऱ्या बाईला असंच म्हणतात) पुढे चाळीस वर्षं बांदुंगमध्ये राहिल्या. पावडर करत, जामू कुटत. राष्ट्राध्यक्षांच्या घराण्याकडे त्यांनी हात पसरला नाही आणि नवऱ्याविरुद्ध कुठे जाहीर बोलल्या नाहीत. सुकार्नो गेले तेव्हा ८२ वर्षांच्या इबू इंगित जकार्ताला जाऊन अखेरचं दर्शन घेऊन आल्या. १९८० च्या फेब्रुवारीत फात्मावती त्यांना भेटायला बांदुंगला आल्या, पाया पडल्या, क्षमा मागितली. त्यानंतर तीनच महिन्यांत फात्मावती वारल्या. १३ एप्रिल १९८४ ला इबू इंगितही गेल्या, वयाच्या ९६ व्या वर्षी.

त्यांच्या आयुष्यावर रमादान के. एच. या लेखकाने १९८१ मध्ये पुस्तक लिहिलं, ‘कुआंतार के गर्बांग’. अर्थ असा, ‘मी त्याला दरवाजापर्यंत पोचवलं’. फक्त दरवाजापर्यंत. आत त्या गेल्या नाहीत.

फात्मावतींना २००० साली, सुकार्नोंना २०१२ साली ‘राष्ट्रीय वीर’ हा किताब देण्यात आला. इबू इंगितना १९९७ मध्ये, मरणानंतर, एक मोठं पदक मिळालं आणि त्यांच्या घरासमोरच्या रस्त्याला त्यांचं नाव दिलं गेलं. राष्ट्रीय वीर म्हणून त्यांचाही मान व्हावा, ही मागणी पश्चिम जावातून पुन्हा पुन्हा झाली आहे.

हे सगळं मी आपल्या पानावर का लिहिते आहे? कारण बचत गटांचं काम करताना अशा बाया मला आपल्या तालुक्यातही भेटतात. पापड लाटून, ब्लाऊज शिवून, शेळ्या पाळून नवऱ्याला डी.एड., बी.एड. करणाऱ्या, पोलीस भरतीला पाठवणाऱ्या. त्यातल्या काही सुखात आहेत. काहींना मात्र नवरा साहेब झाल्यावर ऐकावं लागतं, ‘तू आता शोभत नाहीस’ किंवा ‘मूल नाही, दुसरी करतो, तू राहा थोरली म्हणून.’ आपल्याकडे हिंदू विवाह कायद्याने १९५५ पासून दुसऱ्या लग्नाला बंदी आहे. तरी हे वाक्य बंद झालेलं नाही. आणि बाई विचारते ते एकच, ‘मी जाऊ कुठे?’

इंगितकडे त्याचं उत्तर होतं, कारण तिच्या हातात तिचा धंदा होता. तिने नवऱ्याला वाढवलं, पण स्वतःचं कसब गहाण टाकलं नाही. म्हणून पन्नाशी उलटल्यावरही ती ‘नाही’ म्हणू शकली. तेव्हा बायांनो, घरातल्या माणसाला जरूर शिकवा, मोठं करा. पण आपल्या मशीनचा, आपल्या दुकानाचा, आपल्या पासबुकाचा कागद आपल्या नावावर ठेवा. घर बांधताना गवंडीसुद्धा पाया किती खोल गेला, किती सिमेंट लागलं ते वहीत टिपून ठेवतो. मग आपण गाडलेल्या पायाची नोंद आपणच का ठेवू नये?